संकासुराला अर्धा तास पुरत नाही

मागच्या अंकात मी सहज चार ओळी लिहिल्या होत्या, की टीव्हीवर दशावतार, म्हणजे आपल्या कोकणातल्या जत्रेत रात्रभर चालणारं ते नाटक, लागला होता आणि आमच्या घरात तो कोणीच शेवटपर्यंत बघितला नाही, मी पण नाही, आणि नंतर मलाच कसंतरी वाटत राहिलं. त्यावर एवढं टपाल येईल असं वाटलं नव्हतं. व्हॉट्सअॅपवर आलं, पोस्टकार्डं आली, एकांनी तर फुलस्केपची सात पानं पाठवली आणि वर लिहिलं की थोडक्यात लिहितोय. सगळ्यांना उत्तरं देणं जमणार नाही, त्यातली काही पत्रं घेतेय. नावं छापत नाही, गावं छापते.

ताई, तुमचं वाचून बरं वाटलं, म्हटलं आमच्याच घरात असं होत नाही. जत्रेत मी पहाटेपर्यंत बसतो, डोळा लागत नाही. तोच दशावतार, कधीकधी तीच माणसं, टीव्हीवर आली की दहा मिनिटांत हात रिमोटकडे जातो. दोष टीव्हीचा की माझा? (कुडाळ)

दादा, दोष तुमचा नाही. टीव्हीचाही पूर्ण नाही, पण तिकडं येते.

जत्रेच्या रात्री काय होतं ते आठवा. देवाची पालखी फिरते, प्रदक्षिणा होते, मग बाराच्या पुढं कधीतरी मृदुंगावर थाप पडते. आधी गणपती, रिद्धी-सिद्धी, मग सरस्वती, भटजी, आणि मग काळे कपडे घातलेला तो संकासूर. वेद पळवलेला राक्षस तो, पण गावातल्या सरपंचापासून खाजं विकणाऱ्यापर्यंत सगळ्यांची मालवणीत उडवणार. हा झाला आडदशावतार. आख्यान त्यानंतर सुरू होतं, तोपर्यंत पोरं गोधडीत झोपलेली असतात आणि म्हातारी माणसं नुकती कुठं रंगात आलेली असतात. मला माझे बाबा युद्धाच्या वेळेला हलवून उठवायचे, मधलं सगळं मी झोपेत ऐकलंय आणि खरं सांगायचं तर ते झोपेत ऐकलेलंच जास्त लक्षात आहे.

आता हे सगळं अर्ध्या तासात बसवायचं म्हटलं की पहिली कात्री कुठं लागते? संकासुरावर. कारण 'कथेला त्याची गरज नाही.' कथा म्हणजे आख्यान, आख्यान म्हणजे राजा, राणी, राक्षस, लढाई, संपलं. पण दशावतार बघायला येणारा माणूस कथा ऐकायला येतच नाही हो, कथा त्याला आजीनं सांगितलेली असते! तो बघायला येतो की आज अमका नट तमक्याला शब्दात कसा पकडतो.

आणि इथंच खरी गोम आहे. दशावतारात लिहिलेली संहिता नसते. आज कुठलं आख्यान लावायचं ते संध्याकाळी ठरतं, कोणी काय करायचं ते वाटून घेतात, आपापली रंगरंगोटी आपणच करतात आणि रात्री उभं राहून बोलतात. एक बाकडं असतं, तेच सिंहासन, तोच डोंगर, तोच रथ. मी एकदा एका शूटिंगला हजर होते, कुठल्या चॅनेलचं ते राहू दे. तिथं आधी स्क्रिप्ट मागितली. दशावतार करणाऱ्या कंपनीचे मालक म्हणाले, "स्क्रिप्ट? ता सांजेक ठरता." त्या साहेबांना वाटलं हे चेष्टा करतायत. शेवटी कोणीतरी रात्री बसून आठ पानं लिहून काढली आणि दुसऱ्या दिवशी जो माणूस जत्रेत दीड तास एका दमात बोलू शकतो तो माणूस शाळेतल्या मुलासारखा पाठ केलेलं म्हणत होता, मध्येच अडकत होता, घामानं रंग उतरत होता. मला बघवेना.

स्क्रिप्ट मागणारा माणूस वाईट होता असं नाही. स्टुडिओत तीन-चार कॅमेरे असतात आणि कुठल्या क्षणी कुठला कॅमेरा घ्यायचा हे आत बसलेला दिग्दर्शक ठरवतो. पुढचं वाक्य कोणाचं हे त्याला ठाऊक नसेल तर काय होतं, एकाचं बोलून संपलेलं असतं तेव्हा क्लोजअप त्याचाच दिसत राहतो आणि तोपर्यंत समोरच्यानं हाणलेलं असतं. टीव्हीवर तुम्हाला जो ढिलेपणा जाणवतो ना, तो बऱ्याचदा हा असतो. नट एक श्वास पुढं आणि कॅमेरा एक श्वास मागं. त्यात रंगभूषा केलेली असते मंडपात लांब बसलेल्या माणसासाठी, पूर्वी तर पेट्रोमॅक्सच्या उजेडासाठी. ती एचडी क्लोजअपमध्ये आणली की दाढीवरचा मुर्दाडशंखाचा रंग दिसतो आणि द्रौपदी दिसत नाही.

मग उपाय काय? माझा सरळ आहे, कोणाला पटो न पटो. स्टुडिओत नेऊ नका. जत्रेत जा, दोन कॅमेरे लावा, एक लांबून सगळं बाकडं दिसेल असा आणि एक प्रेक्षकांच्या बाजूला, आणि रात्रभर चालू ठेवा. सहा तास तर सहा तास. क्रिकेटची कसोटी पाच दिवस दाखवली जातेच की, त्यात तर कित्येक तास काहीच होत नाही.

आमच्या गुहागरच्या घरी आजी एकटी असते. पूर्वी कौलावर अँटेना होता, त्यावर मुंबई दिसायची. आता तो डबा मुंग्याच दाखवतो. केबल गावात नाही, महिन्याचं रिचार्ज आजीला जमत नाही. तिला फक्त सह्याद्री बघायचंय. काय करावं? (सध्या डोंबिवली)

मुंग्यांचं कारण साधं आहे, जमिनीवरून येणारं ते जुनं अॅनालॉग प्रक्षेपण आता जवळजवळ सगळीकडं बंद झालंय, 2022 पर्यंत एकेक करून ट्रान्समीटर बंद केले. तो अँटेना काढा आणि त्या पाइपावर दोडक्याचा वेल चढवा.

दूरदर्शनची फ्री डिश आहे, 2004 पासून आहे. डिश आणि डबा एकदा विकत घ्यायचा, बसवणाऱ्यासकट साधारण दोन हजारांच्या आसपास जातात, पुढं महिन्याचं काही नाही. सह्याद्री त्यावर दिसतं. नवीन घेताय तर एमपीईजी-4 चालणारा डबा मागा, स्वस्तातल्या जुन्या डब्यात काही चॅनेल दिसतच नाहीत आणि दुकानदार ते सांगेलच असं नाही. सॅटेलाइट आपल्याकडून आग्नेयेला आहे, आकाशात बराच वर, तेव्हा त्या अंगाला माड असतील तर आधी माड बघा मग भिंत ठरवा. आमच्याकडं बसवली तेव्हा झकास दिसत होतं, दोन वर्षांनी माडाची झावळी आडवी आली आणि सिग्नल वाऱ्यावर जायला-यायला लागला, वारा आला की बातम्या, वारा पडला की निळा पडदा.

पावसाळ्याचं मात्र आजीला आधीच सांगून ठेवा. सॅटेलाइटकडून येणाऱ्या लहरी मुसळधार पावसात अडतात, पाणीच त्या खातं, त्यामुळं जुलैमध्ये धो धो लागला की चित्र जाणार आणि पाऊस कमी झाला की आपोआप येणार. डबा आपटायचा नाही. बिघडतं ते वेगळंच, खाऱ्या वाऱ्यानं डिशच्या तोंडाशी असलेल्या पिना गंजतात. गणपतीला घरी जाल तेव्हा त्या साफ करून वर नीट टेप गुंडाळून या.

आजीकडं स्मार्टफोन असेल तर प्रसार भारतीचं वेव्हज नावाचं अॅप आहे, नोव्हेंबर 2024 मध्ये आलं, त्यात दूरदर्शनची चॅनेल लाइव्ह दिसतात. पण गुहागरला रेंज असेल तर! ते तुम्हाला माहीत.

आमचं जाखडीचं, म्हणजे बाल्या नाचाचं मंडळ आहे, तुरेवाले आहोत. पंचवीस वर्षं झाली. मुंबईत प्रयोग होतात, चाकरमानी हॉल भरतात. पण टीव्हीवर काही जमत नाही. एका चॅनेलला तीन पत्रं घातली, उत्तर नाही. मध्यंतरी एकजण भेटला, म्हणाला पंचवीस हजार द्या, काम करून देतो. द्यावेत का? (संगमेश्वर)

देऊ नका. पहिलं उत्तर हे, बाकीचं नंतर वाचलंत तरी चालेल. सरकारी चॅनेलवर कार्यक्रम करायला कलाकारानं पैसे द्यायचे नसतात, उलट कलाकाराला मानधन मिळतं. अर्जाची किंवा ऑडिशनची फी असली तर ती किरकोळ असते आणि तिची पावती मिळते. पावती न देणारा माणूस कितीही गोड बोलला तरी त्याला चहा पाजून वाटेला लावा.

आता मार्ग. मी तुमच्या जागी असते तर मुंबईला पत्र घालण्याआधी रत्नागिरी आकाशवाणीची पायरी चढले असते. तुम्ही म्हणाल आम्ही टीव्हीचं विचारलं आणि बाई रेडिओचं सांगते. थांबा जरा. आकाशवाणीत लोकसंगीताची रीतसर ऑडिशन असते, पास झालात की ग्रेड मिळते, बी, बी हाय, ए अशी चढत जाते. ती ग्रेड हातात असली की तुमचं पत्र 'संगमेश्वरचं एक मंडळ' राहत नाही, त्याला वजन येतं. शिवाय रेडिओवाल्यांना तुमचे बुवा कसे गातात याच्याशी मतलब, बाकीचे कसे दिसतात याच्याशी नाही.

पत्रासोबत व्हिडिओ पाठवताना कृपा करून ड्रोन, स्लो मोशन, उडती अक्षरं हे काही घालू नका. सलग दहा मिनिटं, गणापासून सवालापर्यंत, एकाच जागेवरून घेतलेलं. वर दोन ओळीत लिहा की शक्ती-तुऱ्याच्या सामन्यातले तुम्ही तुरेवाले, म्हणजे शिवाच्या बाजूचे, गुरू कोण, गाणी कोणाची. मुंबईत बसलेल्या माणसाला हे ठाऊक असेलच असं गृहीत धरू नका, त्याला कलगी-तुरा म्हटलं की घाटावरचा आठवतो आणि बाल्या नाच म्हटलं की शाळेचं गॅदरिंग.

एक कडू गोष्ट सांगते. तुमच्या गाण्यांतली किती गाणी सिनेमाच्या चालीवर आहेत? मी मुंबईत जे सामने बघितले त्यात अर्ध्याहून जास्त चाली हिंदी सिनेमाच्या होत्या, पब्लिक शिट्ट्या मारतं हे कबूल, मी पण ठेका धरला होता. पण टीव्हीवर ती चाल म्हणजे दुसऱ्याच्या मालकीची चाल, तिचे हक्क घ्यावे लागतात, आणि तेवढ्यासाठी कोणी धडपडत नाही, तुमची फाइल खाली ठेवतात. जुन्या जाखडीच्या चाली काढा. बुवांच्या बुवांना त्या येत असतील.

आणि निवड झाली तर एका गोष्टीवर अडून बसा. जाखडी गोलात नाचतात. मधे बुवा, त्यांच्यामागं सूर धरणारे झीलकरी आणि ढोलकीवाला बसलेले, भोवती पायात चाळ बांधून पोरं फिरतायत, यात पुढची बाजू अशी नसतेच, कोणाची ना कोणाची पाठ दिसणारच. कॅमेऱ्याला पाठ आवडत नाही. मग काय करतात, सगळ्यांना रांगेत उभं करतात, बुवांना बाजूला उभा माइक देतात, आणि जे राहतं त्याला मी तरी जाखडी म्हणणार नाही, ती पीटी झाली. गोल मोडायला सांगितलं तर नम्रपणे म्हणा की साहेब कॅमेरा वर टांगा, किंवा मधे बुवांच्या शेजारी आणून ठेवा आणि तिथून फिरवा. मधून बघितलं की काय दिसतं माहितीये, फिरणारे चेहरे आणि मागं काळोख. कोणी तसं चित्रित केलेलं मी अजून बघितलेलं नाही.

शेवटचं, पत्रात विनवणीचा सूर नको. प्रसार भारतीचा कायदा 1990 चा, अमलात आला 1997 मध्ये, आणि देशातल्या निरनिराळ्या प्रदेशांच्या संस्कृतींना नि भाषांना पुरेशी जागा देणं हे त्यात कर्तव्य म्हणून लिहिलंय. खाजगी चॅनेलला तसं काही बंधन नाही, त्याला जाहिरात मिळाली नाही की तो बंद करणार. म्हणून दूरदर्शनवर मी चिडते पण सोडत नाही.

टीव्हीवर मालवणी बोलणारा माणूस आला की तो एकतर आचारी नाहीतर बावळट नाहीतर दारू प्यालेला. आमची भाषा म्हणजे काय फक्त हसण्यासाठी आहे? माका तर राग येता! (मालवण)

राग माकाय येता. पण थोडं घरातलं उणं पण बघूया.

सगळे म्हणतात की हे 'वस्त्रहरण'पासून सुरू झालं, 1980 साली गंगाराम गवाणकरांचं नाटक आलं, मच्छिंद्र कांबळी उभे राहिले, मालवणी मुंबईत पोचली आणि पोचली ती विनोदाच्या गाडीतून. हे खरं आहे. त्याआधी मुंबईतल्या आमच्या पाहुण्यांच्या घरी दारात कोणी आलं की मालवणी बंद व्हायची, त्या नाटकानंतर ती चारचौघात बोलायची सोय झाली, हे ऋण मी विसरणार नाही.

पण मुळात दशावतारातच बघा ना. देव कुठल्या भाषेत बोलतो? राजा, ऋषी, पतिव्रता, सगळे छापील संस्कृताळलेल्या मराठीत, 'हे प्राणनाथ' वगैरे. मालवणी कोण बोलतो? संकासूर, आणि पुढं आख्यानात राजाचा नोकर, राक्षसाचा हस्तक, म्हणजे हसवणारे. ही वाटणी टीव्हीनं केलेली नाही, आपल्याच पेटाऱ्यातून निघालीय. फरक एवढाच की जत्रेत तो मालवणी बोलणारा सगळ्यात शहाणा असतो, राजाला जे कळत नाही ते त्याला कळतं, आणि टीव्हीवर येताना त्याचं शहाणपण मागं राहतं नि नुसता हेल पुढं येतो.

मला मालवणीत बातम्या बघायच्यात. खरंच. मत्स्यव्यवसायाच्या, पर्ससीनच्या मोठ्या जाळ्यांवरून होणाऱ्या भांडणाच्या, काजूच्या दराच्या. बघूया मग कोण हसतं. सावंतवाडी-वेंगुर्ल्याकडं अँटेनाच्या काळात पणजी दूरदर्शन दिसायचं, त्यावर कोंकणीत सगळं गंभीर चाललेलं असायचं आणि आम्ही पोरं आपसात म्हणायचो, हे बघ, हे आपल्यासारखंच बोलतात आणि कोणी हसत नाहीये.

पिंगुळीच्या चित्रकथीवर शाळेत पाचवी-सहावीच्या मुलांना काही दाखवायचंय. टीव्हीचं काही जुनं रेकॉर्डिंग मिळेल का? (सावंतवाडी, शिक्षिका)

बाई, सावंतवाडीहून पिंगुळी किती लांब आहे? मुलांना एसटीत घाला आणि घेऊन जा. तिथले चित्रकथी कलाकार परशुराम गंगावणे यांना 2021 मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा सगळ्या चॅनेलनी दोन-दोन मिनिटं दाखवलं होतं, ते यूट्यूबवर सापडेल, पण त्यात कॅमेरा चित्रावरून पंख्यासारखा फिरतो आणि कथा ऐकूच येत नाही. ठाकर कलाकार एकेक चित्र समोर धरतो, वाजवतो, गातो, मग पुढचं चित्र. तुमच्या मुलांना बोटानं चित्र खाली ठेवायचा तो आवाज ऐकू दे. कळसूत्री बाहुल्या पण तिथंच आहेत. गोठ्यात उभं केलेलं संग्रहालय आहे, मुलांना भारी वाटेल.

आमच्या गावच्या जत्रेत दोन पोरं मोबाइल स्टँडवर लावतात, सगळा दशावतार यूट्यूबवर लाइव्ह करतात. लाखाने बघतात. कंपनीला काही मिळत नाही. नटांना विचारत पण नाहीत. हे कायद्यात बसतं का? (कणकवली)

बसत नाही. कॉपीराइट कायदा 1957 चा आहे, त्यात 38 व्या कलमात कलाकाराचा स्वतःचा हक्क सांगितलाय, म्हणजे गाणाऱ्या, नाचणाऱ्या, नटाच्या प्रत्यक्ष सादरीकरणावरचा हक्क, आणि तो 50 वर्षं असतो. आख्यान पुराणातलं आहे, ते कोणाच्या मालकीचं नाही, बरोबर, पण त्या रात्री त्या नटानं उभं राहून जे केलं ते त्याचं आहे. त्याच्या परवानगीशिवाय ते रेकॉर्ड करणं आणि लोकांना दाखवणं हा त्या हक्काचा भंग. गंमत बघा, दशावतारात लिहिलेलं काही नसतं म्हणून सगळ्यांना वाटतं की हे फुकट आहे, आणि खरं तर लिहिलेलं नसतं म्हणूनच ते जास्त त्या नटाचं असतं.

पण लगेच वकिलाकडं धावू नका. ती दोन पोरं गावचीच असणार, आणि त्यांनी जे केलंय ते मी वर कुडाळच्या दादांना सांगितलं तेच आहे, एक कॅमेरा, लांबून, रात्रभर, काटछाट नाही, संकासुरासकट! जे मोठ्या चॅनेलला जमलं नाही ते त्यांनी पॉवर बँकवर केलं. मी स्वतः मुंबईत असताना जानेवारीच्या रात्री ते बघितलंय, शेजारी कोणीतरी खोकतोय, कोणाचं पोर रडतंय, लिंबू सोडा फुटल्याचा आवाज, सगळं येतं त्यात.

कंपनीच्या मालकांनी एक पानी करार करून टाकावा. कुठल्या जत्रेचा, कुठल्या चॅनेलवर, किती दिवस ठेवणार, पैसे आले तर वाटणी कशी, आणि नटांची नावं खाली लिहायचीच. सही नटांची पण घ्या, नुसती मालकाची नको. टीव्हीवाले बोलावतात तेव्हा पण हेच, करारात काय लिहिलंय ते वाचल्याशिवाय सही करू नका, एकदा चित्रीकरणाला लेखी संमती दिलीत की मग हात बरेच बांधले जातात. आणि लाखानं बघतात म्हणून लाखानं मिळतात असंही नाही हं, पोरांना हिशोब दाखवायला सांगा, भांडण निम्मं तिथंच मिटेल.

माझे वडील दशावतारात स्त्री पार्ट करायचे. मी आठ-नऊ वर्षांची असताना त्यांची कंपनी मुंबईला टीव्ही केंद्रात जाऊन आली होती. आमच्याकडे तेव्हा टीव्ही नव्हता, गावातच नव्हता, त्यामुळे आम्ही कोणी बघितलं नाही. वडील जाऊन वीस वर्षं झाली. ते रेकॉर्डिंग कुठे मिळेल का? मला एकदा बघायचं आहे. (वेंगुर्ले)

काकी, तुमचं पत्र मी चार वेळा वाचलं आणि शेवटी ठेवलं कारण याला काय उत्तर द्यावं ते सुचत नव्हतं.

खोटी आशा लावत नाही. मुंबई केंद्र सुरू झालं 2 ऑक्टोबर 1972 ला, आणि त्या काळात टेप फार महाग असायच्या. जगभर टीव्हीवाले तेव्हा हेच करत, कार्यक्रम झाला की त्याच टेपवर पुढचा घ्यायचा. पुष्कळसं त्यात पुसलं गेलं. तुमच्या वडिलांचं पण तसंच झालेलं असू शकतं. आणि तेव्हा आपल्या भागात मुंबईचं चित्र दिसायचा प्रश्नच नव्हता, मधे एवढे डोंगर आणि लहरी सरळ रेषेत जाणाऱ्या, त्यामुळं वेंगुर्ल्याचा माणूस टीव्हीवर आला की तो वेंगुर्ला सोडून सगळ्यांना दिसायचा.

पण सगळंच पुसलेलं नाही. प्रसार भारतीचा अर्काइव्ह विभाग आहे, जुन्या टेप डिजिटल करून त्यातलं थोडं थोडं यूट्यूबवर टाकतात. तिथं आणि मुंबई केंद्राला, दोन्हीकडं लेखी विचारा. नुसतं 'वडिलांचा दशावतार' असं लिहून भागणार नाही, त्यांच्याकडं सापडतं ते तारखेवर आणि कार्यक्रमाच्या नावावर. घरात ट्रंक, पेटारा, देवघराचा खण, सगळं उपसा. कलाकाराला बोलावताना पत्र यायचं, त्यावर तारीख, वेळ, मानधनाचा आकडा असायचा, आपल्याकडची माणसं असला सरकारी कागद सहसा टाकत नाहीत, घडी घालून पोथीत ठेवतात. तुमच्याकडं नसेल तर कंपनीच्या मालकांच्या घरी विचारा, दोन पिढ्या गेल्या असतील पण पेटारा त्याच घरात असणार. वर्ष नक्की झालं तर त्या वर्षाच्या वर्तमानपत्रात टीव्हीचे कार्यक्रम छापलेले असत, जिल्ह्याच्या किंवा मुंबईच्या एखाद्या जुन्या वाचनालयात बांधलेल्या फायली मिळतात. तारीख हाती लागली की मला कळवा, पत्राचा मसुदा मी करून देते.

आणि एवढ्यात एक काम करा. ते मुंबईला बोटीनं गेले की एसटीनं, कोण कोण होतं, लुगडं कोणाचं नेलं होतं, परत आल्यावर काय काय सांगितलं, आईला काय आणलं, हे तुम्हाला आठवतंय, तुमच्या पत्रात त्यातलं थोडं आलंय पण तुम्ही खोडलंय. ते खोडू नका. वहीत लिहा. शुद्धलेखन राहू दे, मालवणीत लिहिलंत तर उत्तमच. वहीचे फोटो पाठवलेत तरी चालेल, तुमचं अक्षर मला लागतं.